फळ्यावरचे जहाज

सातवीच्या वर्गात बंदरे शिकवत होते. मुंबई बंदरावरचा ताण कमी व्हावा म्हणून न्हावा-शेवा बंदर उभारले, 1989 साली ते सुरू झाले. फळ्यावर जहाज, वीस आणि चाळीस फुटी कंटेनर, उंच क्रेन, सगळं काढलं. मागच्या बाकावरून प्रश्न आला, "बाई, यात माणसं कुठंयत?"

विचारणाऱ्याचे बाबा जहाजावर खलाशी. आठ महिने घरी नाहीत. गेल्याच आठवड्यात त्यांचे जहाज न्हावा-शेवाला लागले होते. पण कंटेनर भराभर उतरतात, चढतात. दुसऱ्या दिवशी जहाज निघालेसुद्धा. इतक्या जवळ येऊनही बाबांना घरी येता आले नाही.

मी खडू त्याच्या हातात दिला.

आता हा धडा शिकवताना मी आधी माणूस काढते, मग जहाज.