घराची आठवण, दुसरी आवृत्ती

प्रोजेक्टसाठी मेक्सिकोतल्या माँतेर्रेईला गेलो तेव्हा माझं स्पॅनिश ‘ओला’ आणि ‘ग्रासियास’मध्येच संपत होतं. टीममधला टेस्टर मला रोज त्याच्या गाडीतून ऑफिसला न्यायचा. गाडीत एकच सीडी वाजायची. हो, सीडी. सुसाट ड्रम्स, खरखरीत गिटार आणि नुकतंच मिसरूड फुटलेल्या पोराने रागारागात गावं तसा आवाज. बँडचं नाव दिविसिओन मिनुस्कुला, आल्बमचं नाव ‘एक्स्त्रान्यांदो कासा’.

“म्हणजे काय?”

“घराची आठवण काढत.”

मी खिडकीबाहेर बघायला लागलो. समोर खोगिराच्या आकाराचा सेर्रो दे ला सिया डोंगर होता. छान होता, पण आपला नव्हता.

हा बँड १९९६मध्ये मातामोरोसला सुरू झाला. नदी ओलांडली की पलीकडे टेक्सासमधलं ब्राउन्सव्हिल. सरहद्दीवरच्या पोरांनी अमेरिकन पॉप-पंक उचललं आणि शब्द आपल्या भाषेतले घातले, यात नवल नाही. पहिला आल्बम २००१चा, म्हणजे मी बालवाडीतही नव्हतो तेव्हाचा. २००६च्या आल्बमचं नाव ‘देफेक्तो पेर्फेक्तो’, ‘परिपूर्ण दोष’. टेस्टर लोकांसाठी याहून चांगलं नाव सापडणार नाही, असं तो दर सोमवारी म्हणायचा.

त्याच्याकडची सीडी मूळची नव्हती, रीइश्यू होती. शाळेत असताना घेतलेली पहिली सीडी कुणीतरी मागून नेली आणि चरे पाडून परत केली. तिसऱ्या गाण्यात ती एका जागी उडी मारायची. नवी उडी मारत नाही. पण ती जागा आली की हा गाणं म्हणता म्हणता दोन शब्द गाळायचाच. मला आधी वाटायचं, रीइश्यू म्हणजे जुना माल नव्या वेष्टनात घालून पुन्हा पैसे काढायची युक्ती. बऱ्याचदा असतेही. पण मी ऐकलेला आल्बम हाच. माझ्यासाठी गाळलेले शब्द त्याचे होते, आल्बमचे नव्हते.

त्याच महिन्यात बाबांनी व्हॉट्सॲपवर फोटो पाठवला. बार्शीचं आमचं माळवदाचं घर पाडलं होतं. विटा एकीकडे, सागाच्या तुळया एकीकडे, मधे बाबा हात मागे बांधून उभे. कर्जाचा हप्ता माझ्या पगारातून जात होता आणि पाडायचा दिवस मला कुणी सांगितला नव्हता. साडेअकरा तासांचं अंतर. त्यांची सकाळ असताना मी फोन केला.

“अरे, दर पावसाळ्यात गळायचं. तू होतास का पातेली लावायला?” आई म्हणाली. यावर काय बोलणार?

दुसऱ्या दिवशी गाडीत टेस्टरला फोटो दाखवला. त्याने आवाज कमी केला. मग म्हणाला, ‘एक्स्त्रान्यार’चा अजून एक अर्थ आहे : एखादी गोष्ट अनोळखी वाटणं. स्पेनमध्ये आठवण येण्याला दुसरंच काही म्हणतात, आम्ही मात्र दोन्हींना एकच शब्द वापरतो.

जूनमध्ये परत आलो. स्लॅबचं घर, दोन बाथरूम, फरशी इतकी गुळगुळीत की बाबा भिंतीला धरून चालतात. दोन वर्षांची पुतणी मात्र त्यावरून चपला न घालता धावते. तिने दुसरं घर पाहिलेलंच नाही. मी दिव्याचं बटण शोधत उंबरा नसलेल्या दारात अडखळलो.

पहिला मोठा पाऊस रात्री आला. मला जाग आली आणि मी थेंबाची वाट बघत पडून राहिलो. बाहेरच्या खोलीत भांड्याचा आवाज झाला. जाऊन बघतो तर आई कोपऱ्यात पातेलं ठेवत होती.

“अगं आई, स्लॅब आहे आता.”

“माहितीये,” ती म्हणाली. “असू दे.”