हंड्याचं वजन

‘गावाकडचं जीवन’ असं शोधलं की फोनवर काय येतं, ते तुम्हाला ठाऊक आहे. चुलीवरची भाकरी, सकाळचं धुकं, ड्रोनने वरून टिपलेलं हिरवं शेत आणि मागे बासरी. छत्रपती संभाजीनगरात सिडकोतल्या एका लहान स्टुडिओत मी व्हिडिओ एडिट करतो. असे तुकडे जोडणं हे माझं रोजचं काम. त्यात डोक्यावर हंडा घेतलेली बाई हमखास असते. ती तीन सेकंद दिसते.

माझी आई फुलंब्री तालुक्यातल्या एका खेड्यात वाढली. ती असा व्हिडिओ बघते आणि लगेच म्हणते, “रिकामा हाये हंडा.” कशावरून? तर बाईच्या मानेवरून.

तेव्हापासून गावावरचा कुठलाही सिनेमा बघताना माझ्या मनात एकच प्रश्न असतो. कॅमेऱ्यामागच्या माणसांना हंड्याचं वजन माहीत आहे का?

पोर्तुगालमध्ये अंतोनियो रेइश आणि मार्गारिदा कोर्देइरो हे जोडपं होतं. तो कवी, ती मनोविकारतज्ज्ञ. १९७६ साली त्यांनी ‘त्राज-उश-मोंतिश’ केला. देशाच्या ईशान्य कोपऱ्यातल्या डोंगराळ, गरीब मुलखाचं ते नाव. कोर्देइरो तिथलीच. सिनेमात तिथलेच गावकरी आहेत. कामासाठी गाव सोडून गेलेली माणसं आहेत आणि मागे राहिलेली लेकरं, म्हाताऱ्याही आहेत. काफ्काचा एक उतारा तिथल्या मिरांदेश बोलीत येतो. त्यात राजधानी इतकी लांब आहे की तिथले कायदे खेड्याला ठाऊकच नाहीत. मुंबई किती लांब असते, हे मराठवाड्यातल्या माणसाला वेगळं सांगायला नको.

आपल्याकडे मला या दोघांच्या जवळचे वाटतात ते सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर. हे पती-पत्नी नव्हते, पण सिनेमे जोडीनेच केले. भावे समाजशास्त्राच्या अभ्यासक, सिनेमाकडे त्या वळल्या बायकांवरच्या संशोधनातून. ‘बाई’ आणि ‘पाणी’ या त्यांच्या सुरुवातीच्या दोन्ही लघुपटांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. १९९५ साली आला ‘दोघी’. पाणी आटलेलं गाव आणि त्यात गौरी आणि कृष्णा या दोन बहिणी. लग्नाच्या दिवशीच गौरीचा नवरदेव अपघातात जातो. गाव तिला अपशकुनी ठरवतं. घर चालावं म्हणून आई तिला मामाबरोबर मुंबईला पाठवते आणि तिथे ती देहविक्रयात ढकलली जाते.

मागच्या उन्हाळ्यात एका रात्री आईने आणि मी तो घरी पाहिला. त्या रात्री आमच्या गल्लीत नळाला पाणी यायचं होतं, म्हणून जागेच होतो. मला गौरीच्या आईचा राग येत होता. उत्तरा बावकर यांनी ती आई केली आहे. मी बोलून दाखवलं. आई म्हणाली, “ती वाईट नाही रे. तिच्याजवळ दुसरं काही उरलंच नव्हतं.”

मग थोड्या वेळाने तिने मावशीबद्दल सांगितलं. १९७२ चा दुष्काळ. आजी रोजगाराच्या कामावर खडी फोडायला जायची. घरात मिलोची लाल भाकरी, कामावर मिळालेली सुकडी. त्या वर्षी मावशीचं लग्न झालं. ती तेराची, नवरा बिजवर. हुंडा नको म्हणाला, म्हणून. “खाणारं एक तोंड कमी झालं,” आई म्हणाली, “आन् त्या रात्री माय जेवलीच नाही.” हे मी पहिल्यांदाच ऐकत होतो. आमच्या घरात मावशीची गोष्ट ‘लवकर लग्न झालं’ एवढ्यावरच संपायची.

नळ आला आणि आई उठून गेली. सिनेमाचा शेवट मी एकट्यानेच पाहिला.

भावे १९ एप्रिल २०२१ रोजी गेल्या. पुढच्याच महिन्यात त्यांनी दिग्दर्शित केलेला ‘दिठी’ ओटीटीवर आला. दि. बा. मोकाशींच्या ‘आता आमोद सुनांसि आले’ या कथेवरचा हा सिनेमा. त्यात पाऊस थांबतच नाही. रामजी लोहाराचा तरणा मुलगा पुरात वाहून गेलेला. इतकी वर्षं वारी करणारा रामजी विठ्ठलावर रुसून बसलाय. आणि अशात कुणाची तरी गाय अडली म्हणून त्याला बोलावणं येतं. तो जातो. गाय सोडवतो. आमच्याकडे पाऊस म्हणजे देव. तोच पाऊस पोरगा घेऊन जातो आणि तरी गाईसाठी उठावं लागतं, हे बघताना मला मावशी आठवत राहिली. तिनेही सवतीची दोन लेकरं वाढवली, तेराव्या वर्षापासून.

मावशी आता पासष्टी ओलांडून गेली आहे. तिचं बोलणं रेकॉर्ड करून ठेव, असं मित्र म्हणतात. माझ्याकडे चांगला माईक आहे, कॅमेराही आहे. पण पन्नास वर्षांत तिला त्या लग्नाबद्दल कुणी काही विचारलेलं नाही. पहिला प्रश्न कॅमेऱ्याने विचारावा का, हे मला ठरवता येत नाही. दिवाळीनंतर आठ दिवस तिच्याकडे जायचं, एवढं ठरलंय. कॅमेरा घरीच राहील. आईही येते म्हणाली.