घर पहावे हप्ते भरून

'घर पहावे बांधून आणि लग्न पहावे करून' असे आपल्या आज्या म्हणायच्या. त्यांच्या वेळी घर बांधायचे म्हणजे चार वर्षे काटकसर करायची, पाटल्या मोडायच्या, पतपेढीचे थोडे कर्ज काढायचे आणि एकदाचे कौलारू छप्पर डोक्यावर आणायचे. आता ती म्हण थोडी बदलायला हवी, असे मला वाटते. आता आपण घर आधी घेतो आणि ते पाहतो मात्र हप्ते भरता भरता!

मैत्रिणींनो, आमच्या शहापूर भागात सध्या जिकडे पहावे तिकडे नव्या इमारती उठताहेत. वासिंद, आसनगाव, आटगाव अशी लोकलची स्टेशने धरून आणि तिकडे कल्याणहून मुरबाडला जाणाऱ्या रस्त्याच्या दोन्ही अंगांना. कल्याण-डोंबिवलीचे भाव परवडेनासे झाले, तशी माणसे पुढे सरकत आमच्यापर्यंत आली. २०२५ च्या जूनमध्ये समृद्धी महामार्ग आमण्यापर्यंत पुरा झाला, तेव्हापासून तर जाहिरातींना ऊतच आला आहे. आणि प्रत्येक पाटीवर मोठ्या अक्षरात एकच गोष्ट : हप्ता अमुक हजार!

आपणही तेवढेच विचारतो, नाही का? हळदीकुंकवाला बसलो की 'किती हप्ता बसला हो तुम्हाला?' हा प्रश्न ठरलेला. 'एकंदर किती भराल?' असे मात्र कोणी कोणाला विचारीत नाही. मंडईत मेथीच्या जुडीला दोन रुपयांसाठी घासाघीस करणाऱ्या आपण, आयुष्यातल्या सगळ्यांत मोठ्या खरेदीची पुरी किंमत न विचारताच सही करतो.

माझे माहेर मुरबाडचे. धाकटा भाऊ तिथल्याच औद्योगिक वसाहतीत नोकरीला आहे. गेल्या वर्षी त्याने घर घ्यायचे काढले. भावजय मोठ्या हौसेने सांगायला आली, "ताई, वीस लाखांचं कर्ज मिळतंय, तीस वर्षांची मुदत. हप्ता पंधरा हजारांच्या आसपास. भाड्यापेक्षा थोडाच जास्त हो!"

मी म्हटलं, "बैस जरा. आपण दोघी मिळून मांडून पाहू."

मी बी. ए. झाले ती मराठी घेऊन. गणिताशी माझे फारसे सख्य नव्हते. पण मी जिथे अर्धवेळ शिकवते, त्या शाळेत गणिताच्या बाई रजेवर गेल्या आणि आठवीचा चक्रवाढव्याजाचा धडा माझ्या गळ्यात पडला. मुलांना शिकवायचे म्हणून मी मुळापासून शिकले, आणि त्याचा सगळ्यांत जास्त उपयोग मलाच झाला.

तर आमचा हिशेब ऐका. कर्ज २० लाख, व्याज साडेआठ टक्के. मुदत ३० वर्षे धरली तर हप्ता १५,३७८ रुपये, आणि एकंदर भरणा ५५ लाख ३६ हजार. मुदत २० वर्षे केली तर हप्ता १७,३५६ आणि भरणा ४१ लाख ६५ हजार. १५ वर्षे केली तर हप्ता १९,६९५ आणि भरणा ३५ लाख ४५ हजार. म्हणजे तीसऐवजी वीस वर्षे केली, तर महिन्याला दोन हजारांची ओढ जास्त, पण शेवटी पावणेचौदा लाख वाचतात. आमच्या भागात तेवढ्यात दोन्ही मुलांची शिक्षणे होतात.

भावजय म्हणाली, "असं कसं होतं पण? व्याज तर साडेआठच टक्के आहे ना?"

याचे उत्तर पहिल्याच हप्त्यात सापडते. २० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी एका महिन्याचे व्याज होते १४,१६७ रुपये. तीस वर्षांच्या मुदतीत आपण भरले १५,३७८. त्यातले व्याज आधी वळते होते, आणि मुद्दल फिटते ते फक्त १,२११ रुपये! पुढच्या महिन्याचे व्याज उरलेल्या मुदलावर, म्हणून ते किंचित कमी. असे मुंगीच्या पावलाने मुद्दल उतरते. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता भरलेत तर तुम्ही ९ लाख २२ हजार दिलेले असतात आणि कर्ज कमी झालेले असते जेमतेम ९० हजारांनी. वीस वर्षांच्या मुदतीतसुद्धा निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. यात फसवणूक काही नाही. राहिलेल्या रकमेवर व्याज लागायचेच. पण हे सही करण्याच्या आधी ठाऊक असावे, एवढेच.

माझी आजी सावकाराच्या दिढीच्या गोष्टी सांगायची. आवणीच्या दिवसांत घरात दाणा नसे, तेव्हा सावकाराकडून मणभर भात आणायचे आणि सुगीला दीड मण घालायचे. ऐकताना आमच्या अंगावर काटा यायचा. बँकेचे व्याज त्या मानाने खूपच सौम्य. इथे हिशेब कागदावर असतो आणि दाद मागायला जागा असते. पण आजीला दीड मण घालायचे हे दाणे आणतानाच ठाऊक असे. आपल्याला वीसचे पंचावन्न होतात हे कितीजणींना ठाऊक असते?

आता आमच्या स्वतःच्या घरची गोष्ट. २०२१ च्या ऑगस्टमध्ये आम्ही आसनगावला घर घेतले. कर्ज २० लाख, दर सात टक्के, मुदत २० वर्षे, हप्ता १५,५०६. 'हे' तेव्हा अडतीस वर्षांचे होते, म्हणजे अठ्ठावन्नाव्या वर्षी नोकरी संपताना कर्जही संपणार, असे गणित आम्ही बसवले होते. दर अर्थात बदलता होता. पुढे २०२२ च्या मे महिन्यापासून रिझर्व्ह बँकेने आपला रेपो दर चढवायला सुरुवात केली आणि २०२३ च्या फेब्रुवारीपर्यंत तो ४ टक्क्यांवरून साडेसहावर नेला. आमचा दर पावणेनऊ झाला. हप्ता मात्र तेवढाच राहिला. घरात कोणाला काही जाणवलेच नाही, कारण खात्यातून दर महिन्याला तीच रक्कम जात होती.

दर वर्षी ऑगस्टमध्ये मी कर्जाचे विवरण मागवून वहीला लावून ठेवते. २०२३ साली ते आले आणि मी 'उरलेले हप्ते' हा रकाना पाहिला. दोन वर्षे झाली होती, तेव्हा तिथे २१६ हा आकडा हवा होता. तिथे होते ३३०! हप्ता न वाढवता मुदत परस्पर साडेनऊ वर्षांनी लांबवली होती. ह्यांचे वय तोवर साडेसदुसष्ट होणार. पेन्शन नाही, पगार नाही, आणि हप्ता मात्र चालू. त्या रात्री आम्ही दोघेही नीट जेवलो नाही.

दुसऱ्या दिवशी शाळेतून परस्पर कर्ज दिलेल्या संस्थेत गेले. तिथले गृहस्थ म्हणाले, "बाई, तुमचा हप्ता वाढू नये म्हणून केलंय, तुमच्याच सोयीसाठी." मी विचारलं, "मुदत मूळचीच ठेवायची तर हप्ता किती होईल?" त्यांनी यंत्रावर पाहून सांगितले, सुमारे १७,८०० रुपये. म्हणजे २,३०० रुपये जास्त.

घरी येऊन मी पाटीवर मांडले. ३३० हप्ते १५,५०६ चे म्हणजे ५१ लाख १७ हजार. २१६ हप्ते १७,८०० चे म्हणजे ३८ लाख ४५ हजार. फरक पावणेतेरा लाखांचा! हे म्हणाले, "पण दर महिन्याला तेवीसशे आणायचे कुठून?" खरेच होते. पासाचे पैसे, थोरल्याची शिकवणी, सासूबाईंची औषधे, सगळे मोजून मापून चाललेले. तेव्हा माझा अर्धवेळचा पगार, ज्याला घरात सगळे 'तुझे वरखर्चाचे' म्हणत, त्यातून ही भर घालायचे ठरले. तेव्हापासून माझ्या पगाराला वरखर्च कोणी म्हणत नाही.

योगायोग असा की त्याच महिन्यात, १८ ऑगस्ट २०२३ रोजी, रिझर्व्ह बँकेने याबाबत नियम काढला. व्याजदर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे निवडण्याची मुभा कर्जदाराला द्यायला हवी. शिवाय दर तीन महिन्यांनी विवरण द्यायचे. त्यात आजवर किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झाले, हप्ता किती, हप्ते किती उरले, हे लिहिलेले असावे. तो कागद आला की विजेच्या बिलासारखा खिळ्याला अडकवू नका. चष्मा लावून 'उरलेले हप्ते' वाचा. २०२५ सालात रेपो दर पुन्हा उतरत सव्वापाचपर्यंत आला. दर उतरला की हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो. जमत असेल तर हप्ता तोच ठेवा आणि मुदत उतरू द्या.

आणखी एक उपाय आहे. व्यक्तीने स्वतःच्या नावावर बदलत्या दराने घेतलेले गृहकर्ज मुदतीआधी फेडले, तर बँकेला दंड घेता येत नाही. २०१२ पासून ही बंदी आहे. तेव्हा दिवाळीचा बोनस, भिशीचा नंबर, जे हाती येईल त्यातून वर्षाला एक हप्ता जादा भरा. त्या २० लाखांच्या, वीस वर्षांच्या उदाहरणात एवढ्याने कर्ज सुमारे सव्वातीन वर्षे आधी फिटते आणि ४ लाखांवर पैसे वाचतात. मात्र भरताना 'मुद्दलात जमा करा, मुदत कमी करा' असे लेखी द्या आणि पोच घ्या. हे जितक्या सुरुवातीच्या वर्षांत कराल तितका लाभ मोठा, कारण व्याजाचा भार तेव्हाच जास्त असतो. पण त्यासाठी घरातली आजारपणाची पुंजी मोडू नका. आधी चार-सहा महिन्यांचा खर्च बाजूला, मग जादा हप्ता.

कर्ज देताना बरेचदा विमाही गळ्यात घालतात. घरातला कमावता माणूस गेला तर घर वाचावे म्हणून विमा असावाच. पण त्याची रक्कम कर्जातच मिळवू देऊ नका. ५० हजारांचा विमा साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांच्या कर्जात घातला की तो १ लाख ४ हजारांना पडतो. मुद्रांक शुल्क, नोंदणी, सोसायटीचा महिना, उन्हाळ्यातला पाण्याचा टँकर हेही घराच्या किमतीतच धरा. आमच्या तालुक्यातल्या भातसा धरणाचे पाणी मुंबईला जाते आणि इथल्या पाड्यांवर टँकरची वाट पाहतात, तेव्हा पाण्याची चौकशी घर घेण्याआधी करावी. लोकलचा पास आणि जाण्यायेण्याचे तासही विसरू नका. मुरबाडला तर अजून रेल्वे नाही. गाडी पकडायला कल्याण गाठावे लागते.

आपल्या बायकांसाठी खास सांगायचे म्हणजे नावाचे. कर्जाला 'सहकर्जदार' म्हणून आपली सही घेतात. ती सही म्हणजे फेडीची पुरी जबाबदारी. मग खरेदीखतावरही आपले नाव आहे ना, हे पाहून घ्या. राहते घर फक्त स्त्रीच्या नावे घेतले तर महाराष्ट्रात २०२१ पासून मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे. तिचाही घरात विचार व्हावा.

हे सगळे वाचून कर्ज नकोच, असे म्हणू नका. १९७७ साली मुंबईत हसमुखभाई पारेखांनी एचडीएफसी काढली, तोवर नोकरदाराला घर लाभायचे ते बहुधा निवृत्तीच्या वेळी, प्रॉव्हिडंट फंड हाती आल्यावर. आज तरुणपणी मुलांना घेऊन स्वतःच्या घरात राहता येते, भाडे वाचते, हे सुख थोडे नाही. पंधरा वर्षांनंतरचे पंधरा हजार आजच्याइतके जडही वाटणार नाहीत. मोल द्यावेच, पण जाणून द्यावे.

भावजयीने शेवटी वीस वर्षांचे कर्ज घेतले. स्वयंपाकघरातला ओटा साधा ठेवला आणि फर्निचर पुढे ढकलले. सही करण्याआधी तिने तिथल्या साहेबांना तीन प्रश्न विचारले. तुम्हीही विचारा : एकंदर किती भरायचे? दर वाढला तर माझा हप्ता वाढेल की मुदत? आणि सगळा खर्च धरून वर्षाचा खरा दर किती पडतो? २०२४ च्या ऑक्टोबरपासून हा शेवटचा आकडा एका कागदावर लिहून देणे त्यांना बंधनकारक आहे. तो कागद घरी आणा, दुपारची आवराआवर झाली की वही-पेन्सिल घेऊन बसा, आणि मगच सहीला जा.