ऑथरची ओळ

दहावीच्या सुट्टीत मी आणि माझ्या मित्राने मिळून एक माणूस बनवला होता. तो कबड्डी खेळायचा आणि हनुमान उडी मारून समोरच्याला आडवा करायचा.

म्युजेन हे फायटिंग गेमचं इंजिन. एलेकबाइट नावाच्या गटाने १९९९ मध्ये ते फुकट दिलं. सोबत नमुन्याला एक लढवय्या, कुंग फू मॅन. बाकीचे आपण बनवायचे. जगभरच्या पोरांनी असे हजारो बनवले. कुणी दुसऱ्या गेममधले उचलून, कुणी स्वतः काढून.

आम्ही कुंग फू मॅनचं फोल्डर कॉपी करून सुरुवात केली. मित्र ऐरोली गावठाणातला, मंडळाकडून कबड्डी खेळणारा. मैदानात तो पोज घ्यायचा, मी मोबाइलवर फोटो काढायचो. मग आमच्या हॉलमधल्या कॉम्प्युटरवर तो माउसने एकेक चित्र काढायचा. सगळ्यात कंटाळवाणं काम म्हणजे मार खाणं. त्याच्या अ‍ॅक्शन सगळ्यांच्याच कॅरेक्टरमध्ये ५००० नंबरपासून सुरू होतात. कारण मारणारा कुठल्या देशातल्या कुणी बनवलाय, काय माहीत! फटके ज्याचे त्याचे वेगळे, पडायची पद्धत मात्र ठरलेली.

कोड माझ्याकडे. लाल चौकोन म्हणजे मारणारा भाग, निळा म्हणजे मार बसणारा; लाल निळ्याला भिडला की फटका. पॉवर बारचा आम्ही ‘दम’ केला. ‘कबड्डी कबड्डी’ चालू असेपर्यंत बार उतरत जायचा, संपला की चढाई बंद. ही कल्पना त्याची.

कॅरेक्टरच्या डेफ फाइलमध्ये ‘ऑथर’ अशी एक ओळ असते. तिथे मी एकट्याचं नाव टाकलं. कीबोर्डवर मी बसलो होतो, एवढंच. त्याने कधी विचारलं नाही.

पुढे कॅम्पस इंटरव्ह्यूमध्ये मी तेच कॅरेक्टर दाखवलं. “चित्रं कुणी काढली?”

“मीच.”

नोकरी लागली.

आता ऐरोलीतच ऑफिस आहे. मी लिहिलेल्या कोडच्या प्रत्येक ओळीला गिटमध्ये माझं नाव चिकटतं. मित्र फ्लेक्सच्या दुकानात डिझाइन करतो. जाता-येता त्याने केलेले वाढदिवसाचे बॅनर दिसतात. ‘शुभेच्छुक’खाली चाळीस फोटो, चाळीस नावं. त्याचं नसतं.

गेल्या महिन्यात जुनी हार्ड डिस्क सापडली. इकेमेन गो या नव्या, ओपन सोर्स इंजिनात आमचा कबड्डीपटू चालला, अगदी दमासकट. मी ऑथरच्या ओळीत आधी त्याचं नाव लिहिलं, मग माझं, आणि झिप त्याला व्हॉट्सअ‍ॅप केली. इंटरव्ह्यूबद्दल काही लिहिलं नाही.

दोन दिवसांनी उत्तर आलं : “उडीत डावा पाय चुकलाय. रविवारी ये, नीट करू.”

जाणार आहे. पायाला हात लावायच्या आधी त्याला ते ‘मीच’ सांगायचंय.