द्राक्षे आणि फड

द्राक्षाचा घड हाती आला की मला तमाशा आठवतो. यात चमत्कार काही नाही. मी नारायणगावचा आहे. गुढीपाडवा जवळ आला की आमच्याकडे एकीकडे द्राक्षांच्या पेट्या भरल्या जातात आणि दुसरीकडे फडांच्या राहुट्या लागतात. जुन्नर-आंबेगावचेच काय, पार लांबलांबच्या गावांचे यात्रेचे पंच येतात आणि सुपाऱ्या ठरवितात.

परवा कॅलिफोर्नियातल्या द्राक्षमळ्यांविषयी वाचीत होतो. १९६५ साली डेलानो येथे मळ्यांतल्या मजुरांनी संप केला, तेव्हा लुईस वाल्देझ नावाच्या मेक्सिकन वंशाच्या तरुणाने त्या मजुरांनाच नट केले. मालमोटारीचा फाळका पाडला की झाला रंगमंच! गळ्यात पाटी अडकवली की कोणी मालक, कोणी संपफोड्या. ही मंडळी स्वतःला चिकानो म्हणवितात. वाचता वाचता मला हसू आले. अहो, हे तर आमच्या अण्णाभाऊंचे!

अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकर यांनी १९४४ साली लाल बावटा कलापथक काढले. अण्णाभाऊंनी तमाशाचा घाट राखला. पण गणात गणपतीच्या जागी मायभूमीला आणि शिवरायांना वंदन केले, गौळण गाळली, आणि वगात सावकार, भांडवलदार आणून उभे केले. पुढे संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात या शाहिरांच्या डफाने जे काम केले, ते दहा व्याख्यात्यांना साधले नसते असे माझे मत आहे.

एवढा अभिमान मिरविल्यावर एक गोष्ट सांगितलीच पाहिजे. यात्रेच्या रात्री आमचे आजोबा पुढच्या रांगेत बसत आणि फेटा उडवून दाद देत. एका सकाळी फडातली एक बाई पाणी मागत आमच्या ओट्याशी आली. रात्री वगात तीच राणी झाली होती. आजीने मला हाक मारली, "बाळ, तांब्या टेकवू नकोस हो, वरून ओत."

मी वरून ओतले. तिने ओंजळ धरली, पाणी प्याली, आणि उरलेले डोळ्यांना लावून निघून गेली. आजोबा तिथेच अडकित्त्याने सुपारी कातरीत बसले होते. त्यांनी मान वर केली नाही.

आमच्या विठाबाईंना १९९० साली राष्ट्रपतिपदक मिळाले तेव्हा पेढे वाटणाऱ्यांत मीही होतो. हातात पेढ्यांचा पुडा, आणि डोळ्यांपुढे तो तांब्या. त्या बाईचे नाव मी विचारले नव्हते.