नोकरी परत मिळाली, पण मधल्या पगाराचे काय?

आम्ही पेशाने कारकून. दिवसभर आवक-जावक आणि सेवापुस्तकांतील नोंदी, संध्याकाळी वस्तीतील माणसांचे अर्ज, असे आमचे जगणे. हिंगोली, कळमनुरी, सेनगाव, औंढा, वसमत, पाचही तालुक्यांतून माणसे कागदांची पिशवी घेऊन येतात. त्यात नोकरीवरून काढलेल्या माणसाची पिशवी सर्वांत जड असते. कारण तिच्यात कागदांबरोबर घरही असते.

असेच एक शिपाईदादा. एका संस्थेने त्यांना एके दिवशी तोंडी सांगून घरी बसविले. नोटीस नाही, चौकशी नाही. सात वर्षांनी न्यायाचा आदेश आला, नोकरी परत मिळाली. पेढे घेऊन ते सपत्नीक आमच्याकडे आले. आम्ही आदेश शेवटपर्यंत वाचला. कामावर घ्यावे, मागील वेतन मिळणार नाही, असे त्यात होते. वहिनी म्हणाल्या, "भाऊ, चूक त्यांची होती म्हणता. मग सात वर्षं आम्ही का भरायची?"

या प्रश्नाचे उत्तर आपल्याच मराठवाड्यातील एका शिक्षिकेने सर्वोच्च न्यायालयातून मिळविलेले आहे. ते घराघरात माहीत व्हावे, म्हणून हा लेखनप्रपंच.

औरंगाबाद, म्हणजे आताचे छत्रपती संभाजीनगर, येथील एका अनुदानित प्राथमिक शाळेत या बाई नोकरीस होत्या. महानगरपालिकेने शाळेकडे ७९,९७४ रुपयांचा कर मागितला. तो कर्मचाऱ्यांनी भरावा असे व्यवस्थापनाचे म्हणणे; बाईंनी व इतर सहकाऱ्यांनी नकार दिला. त्यानंतर बाईंना तब्बल २५ मेमो मिळाले. त्यांनी प्रत्येकाला लेखी उत्तर दिले. नोव्हेंबर २००६ मध्ये निलंबन व जून २००७ मध्ये बडतर्फी झाली. शाळा न्यायाधिकरणाने २००९ मध्ये बडतर्फी रद्द करून पूर्ण पगारासह कामावर घेण्यास सांगितले. परंतु उच्च न्यायालयाने पगाराचा भाग काढून टाकला. मधल्या काळात दुसरीकडे कमाई नव्हती, याचा पुरावा बाईंनी दिला नाही, हे कारण!

१२ ऑगस्ट २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो पगार परत मिळवून दिला. 'दीपाली गुंडू सुरवसे विरुद्ध क्रांती ज्युनियर अध्यापक महाविद्यालय' या नावाने हा निकाल ओळखला जातो. नोकरीवरून बेकायदा काढणे रद्द झाले, तर मागील पगारासह पुनःस्थापना हा सर्वसाधारण नियम आहे, असे त्यात म्हटले आहे. कर्मचाऱ्याने एवढेच सांगायचे, की मला दुसरी नोकरी नव्हती, किंवा होती ती कमी मोबदल्याची होती. याउलट काही असेल, तर ते मालकाने सिद्ध करायचे. खटला लांबला, म्हणून कर्मचाऱ्याचा पगार कापू नये, कारण विलंबाला बहुतेक वेळा तो जबाबदार नसतो. पोराबाळांच्या तोंडचा घास, त्यांचे शिक्षण, नातेवाइकांकडून घेतलेले उसने पैसे, याचाही न्यायालयाने विचार केला. चार महिन्यांत पगार न दिल्यास ९ टक्के व्याज द्यावे, असेही बजावले.

मग आमच्या शिपाईदादांचे कोठे अडले? अर्जात मागील पगाराची मागणी होती. पण सात वर्षे आपण काय केले, याविषयी एक अवाक्षर नव्हते. दादा मोंढ्यात हमाली करीत होते, वहिनी कापूस वेचायला जात होत्या. सरकारी पगार घेतलेल्या माणसाने पोती उचलली, हे कागदावर यायला त्यांना लाज वाटली. बंधूंनो, लाज त्या पोत्यांची नाही! खरे ते लिहा. हमालीची मजुरी म्हणजे गेलेली नोकरी नव्हे. परंतु लपविलेली मजुरी समोरच्या वकिलाच्या हातात पडली, की तुमच्या खऱ्या शब्दावरही संशय येतो. दादांनी आता वरच्या न्यायालयात दाद मागितली आहे.

सरकारी नोकरांना घटनेच्या कलम ३११ चे संरक्षण आहे. आरोप कळविल्याशिवाय व बाजू मांडण्याची संधी दिल्याशिवाय, काही अपवाद सोडता, बडतर्फ करता येत नाही. त्यांनी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जायचे. आपल्याला त्यासाठी जिंतूर-जालना मार्गे दोनशे किलोमीटरहून दूर औरंगाबाद खंडपीठ गाठावे लागते. अंतिम आदेशापासून मुदत एक वर्ष. खात्याकडे अपील करून सहा महिने उत्तर आले नाही, तर त्यापुढे एक वर्ष. खासगी शाळेच्या कर्मचाऱ्याला मात्र शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करण्यास ३० दिवसच मिळतात. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांचे नियम व अपिलाचा मार्ग वेगळा आहे.

आणखी एक गोष्ट. केवळ चौकशीच्या पद्धतीतील दोषामुळे सरकारी नोकराचा बडतर्फीचा आदेश रद्द झाला, तर मधला पगार आपोआप पूर्ण मिळत नाही. किती द्यायचा, हे १९८१ च्या सेवा नियमांप्रमाणे सक्षम अधिकारी नोटीस देऊन ठरवितो. त्या नोटिशीला मुदतीत लेखी उत्तर द्या. फेरचौकशीही होऊ शकते. रोजंदारीवरील माणसाला तर कित्येकदा नोकरीऐवजी एकरकमी भरपाईच मिळते. तेव्हा पेढे वाटण्यापूर्वी आदेश पूर्ण वाचून घ्या.

भगिनींनो, हे काम तुमच्याही हातातले आहे. नवरा खचून बसला, की कागद तुम्ही सांभाळा. तोंडी काढले असेल, तर दुसऱ्याच दिवशी 'मी कामावर हजर राहण्यास तयार आहे' असा अर्ज त्याच्याकडून लिहून घ्या आणि आवक क्रमांकासह पोच घ्या. आम्हा कारकुनांच्या दुनियेत पोच नसलेला अर्ज म्हणजे न दिलेला अर्ज. पहिल्याच दाव्यात तीन गोष्टी मागा: नोकरी, मधला पूर्ण पगार आणि सेवा अखंड धरणे. सेवा अखंड धरली नाही, तर वेतनवाढ, ज्येष्ठता आणि पुढे पेन्शनलाही फटका बसतो.

मधला पगार म्हणजे घरी बसल्याचे बक्षीस नव्हे. हा माणूस कामाला तयार होता, दार दुसऱ्याने लावले होते. त्या दाराबाहेर त्याच्या मुलांनी काढलेल्या वर्षांचा तो हिशेब आहे, आणि तो दार लावणाऱ्यानेच चुकता करायचा आहे.