ट्रंकेतली मासिकं

कोट्टयम, २९ जुलै
कर्किटक महिन्यातला पाऊस थांबायचं नाव घेत नाही. कसर लागेल म्हणून अम्मांनी माळ्यावरची ट्रंक उतरवायला लावली. आत नवऱ्याच्या लहानपणची मासिकं निघाली. वर ‘बालरमा’, खाली ‘बालमंगळम’. दोन्ही याच गावची, एक मनोरमा प्रकाशनाचं, दुसरं मंगळमचं. ‘पूम्पाट्टा’ मात्र एकही नाही. “ती किलोवर गेली,” असं म्हणून अम्मा तांदूळ निवडायला बसल्या. नवरा धड जेवला नाही.

३१ जुलै
माझं मल्याळम अक्षर लावत लावत वाचण्याइतपतच, पण ‘बालरमा’तल्या ‘मायावी’ या चित्रकथेला तेवढं पुरतं. १९८४पासून ती चालू आहे. राजू-राधाच्या मदतीला धावणारा मायावी एकीकडे; दुसरीकडे डाकिनी, कुट्टूसन आणि भाल्यावर बसून उडणारा लुट्टापी. सगळ्यांचा जीव लुट्टापीवर, आणि ते बरोबरच आहे. मायावी फारच गुणी. २०१९ साली डिंकिनी नावाचं नवं पात्र आलं तेव्हा लुट्टापीला काढणार अशी आवई उठली आणि थोराड, नोकरदार माणसांनी गहजब केला. आमच्याकडचाही त्यात होता, तोही ऑफिसच्या वेळेत.

‘बालरमा’त शिकारी शंभूही आहे. टोपीखाली डोळे झाकलेला हा गडी मल्याळीच, अशी नवऱ्याची पक्की समजूत. मुंबईच्या ‘टिंकल’साठी वसंत हळबे यांनी तो काढला, आणि तिथलाच सुप्पंडी राम वाईरकरांनी, हे ऐकून तो गप्पच झाला. मला उगीचच माहेरचं कोणी भेटल्यासारखं वाटलं.

एर्नाकुळम, ३ ऑगस्ट
‘पूम्पाट्टा’च्या शोधात एका संग्राहकाकडे गेलो. हे मासिक १९६४ साली पी. ए. वॉरियर यांनी सुरू केलं, पुढे इथल्या पै कंपनीकडे गेलं. अनंत पैंचा कपीश, शेपटी हवी तेवढी लांबवणारं माकड, त्यातच नवऱ्याला भेटलेला. संपादक एन. एम. मोहन ‘बालरमा’त गेले आणि ‘मायावी’ तिथे जन्मला. हे सगळं नवरा दाराशी चप्पल काढता काढताच सांगत होता.

अंक प्लास्टिकच्या पिशव्यांत, कोपरासुद्धा दुमडलेला नाही. वाट शोधायची कोडी कोरी, चित्रं रंगवायची पानं पांढरी. म्हणजे ज्या घरी ते आले तिथल्या पोरानं त्यांना हातच लावला नाही, किंवा लावू दिला गेला नाही. असल्याच अंकांना भाव. मला हे काही पटत नाही.

नवऱ्यानं बदल्यात ‘बालमंगळम’ देऊ केले, डिंकनचे. परग्रहवासीयांच्या प्रयोगानं अचाट बळ आलेला हा उंदीर. १९८३मध्ये तो एन. सोमशेखरन यांनी लिहिला, बेबींनी काढला. पुढे केरळातल्या बुद्धिवाद्यांनी त्यालाच देव करून धर्मांची टर उडवणारा पंथ काढला, त्यामुळे मागणी बरी. पण गृहस्थांनी पानं उलटली आणि मान हलवली. सगळी कोडी निळ्या शाईनं सोडवलेली, आणि डिंकनला मिश्या.

परतताना दोन कपीश घेतलेच. किंमत अम्मांना सांगायची नाही, असं ठरलंय.